रक्त का थांबत नाहीये, हे पेशंटच्या पलंगाशेजारीच कसं कळतं

रक्तपेढीच्या खिडकीवर रात्री-बेरात्री ज्या चिठ्ठ्या येतात ना, त्यांच्यावर बरेचदा "४ एफएफपी, ४ प्लेटलेट, २ पीसीव्ही, अर्जंट" एवढंच लिहिलेलं असतं (एफएफपी म्हणजे रक्ताचा पातळ पिवळा भाग, थंडीत गोठवून ठेवलेला, आणि पीसीव्ही म्हणजे लाल पेशींची पिशवी), आणि चिठ्ठी घेऊन आलेला माणूस, गोंदियाकडून नाहीतर पार बालाघाटहून पेशंटसोबत आलेला, विचारतो, "मॅडम, एवढं सगळं लागतेच का?" मी रक्तपेढीत काम करते, पेशंट बघत नाही, त्यामुळे याचं उत्तर माझ्याकडे नसतं. आणि खरं सांगू का, चिठ्ठी लिहिणाऱ्या डॉक्टरलाही त्या क्षणी ते पक्कं माहीत असतंच असं नाही. रक्त वाहून राहिलंय हे दिसतंय, पण का वाहून राहिलंय हे कळायला रिपोर्ट लागतो, रिपोर्टला पाऊण तास, एक तास, कधी त्याहून जास्त लागतो, आणि तेवढा वेळ हातावर हात ठेवून बसता येत नाही, मग सगळंच थोडं थोडं मागवून घेतात. या तासाभराच्या अंधारावर काही टेस्ट आहेत, पलंगाशेजारी किंवा ओटीच्या, म्हणजे ऑपरेशन थिएटरच्या, बाजूच्या खोलीत होणाऱ्या. काही लाखांच्या मशीनवर होतात आणि एक तर साध्या काचेच्या नळीत होते. त्यांच्याबद्दल सांगते.

आधी रक्त गोठतं कसं ते थोडक्यात, नाहीतर पुढचं डोक्यावरून जाईल. रक्तवाहिनी फाटली की प्लेटलेट नावाच्या बारीक पेशी त्या जागी जाऊन चिकटतात. त्याच वेळी रक्तातल्या पातळ भागात, म्हणजे प्लाझ्मात, फिरणारे क्लॉटिंग फॅक्टर एकाला एक जागं करत जातात, त्यातून थ्रॉम्बिन तयार होतं, आणि हे थ्रॉम्बिन काय करतं तर फायब्रिनोजेन नावाच्या विरघळलेल्या प्रोटीनचे धागे बनवतं. त्या धाग्यांचं जाळं, जाळ्यात अडकलेल्या लाल पेशी, आणि ते जाळं आतून ओढून घट्ट करणाऱ्या प्लेटलेट, हे सगळं मिळून गुठळी. शिवाय शरीराकडे ही गुठळी विरघळवायचीही सोय असते, जखम भरली की नळी मोकळी व्हायला पाहिजे ना. पण मोठ्या अपघातात किंवा बाळंतपणातल्या रक्तस्रावात ही सोय कधीकधी नको तेव्हाच जोरात सुरू होते आणि बनलेली गुठळी परत पातळ व्हायला लागते.

म्हणजे रक्त थांबत नसेल तर फॅक्टर कमी पडले असतील, फायब्रिनोजेन संपत आलं असेल, प्लेटलेट कमी किंवा बिघडलेल्या असतील, गुठळी बनून विरघळत असेल, किंवा हे सगळं ठीकठाक असून एखादी नस शिवायची राहिली असेल. प्रत्येकाचा इलाज वेगळा. फॅक्टरसाठी एफएफपी, फायब्रिनोजेनसाठी क्रायो (एफएफपीतूनच काढलेला घट्ट भाग), प्लेटलेटसाठी प्लेटलेट, विरघळणं थांबवायला ट्रॅनेक्झॅमिक ॲसिड, आणि नस राहिली असेल तर सुई-धागा. त्यातलं एक चुकीचं दिलं तर फायदा तर नाहीच, वर दोनशे-दोनशे मिलीच्या पिशव्यांनी फुप्फुसात पाणी भरायची भीती, ॲलर्जीची भीती, आणि ज्याला खरंच लागणार होतं त्याची पिशवी गेली ती वेगळीच.

आता नेहमीचा रिपोर्ट काय सांगतो ते बघा. पीटी, त्यावरून काढलेला आयएनआर, आणि एपीटीटी. यासाठी निळ्या झाकणाच्या ट्यूबमध्ये रक्त घेतात, त्यात सायट्रेट असतं, ते कॅल्शियम पकडून ठेवतं म्हणून रक्त गोठत नाही. ट्यूब लॅबमध्ये जाते, सेंट्रिफ्यूजमध्ये फिरते, लाल पेशी आणि बहुतेक प्लेटलेट खाली बसतात, आणि वरच्या पिवळ्या प्लाझ्मात केमिकल टाकून पहिला धागा किती सेकंदात दिसतो ते मोजतात. पहिला धागा दिसला की टेस्ट संपली. घरात विरजण लावणाऱ्याला हे लगेच कळेल, की दूध घट्ट व्हायला सुरुवात कधी झाली एवढंच यातून कळलं, दही नीट लागलं का, की पळीनं काढलं तर ढासळतंय, की थोड्या वेळानं त्याला पाणी सुटलं, यातलं काहीच कळलं नाही. आणि प्लेटलेट तर आधीच बाजूला काढल्या, म्हणजे गुठळीला घट्टपणा देणारा अर्धा हिशोबच गायब.

यात लॅबचा काही दोष नाही हां. आयएनआर मुळात बनला तो वॉरफेरिन या रक्त पातळ करणाऱ्या गोळ्या चालू असलेल्या पेशंटचा डोस ठरवायला, वेगवेगळ्या लॅबचे आकडे एकमेकांशी जुळावेत म्हणून, १९८३ साली जागतिक आरोग्य संघटनेनं ती पद्धत स्वीकारली. त्या कामाला तो उत्तम आहे. ओटीत टेबलवर रक्त वाहत असलेल्या पेशंटसाठी तो कधी बनवलाच नव्हता, पण हाताशी तोच होता म्हणून सगळीकडे तोच वापरला गेला.

संपूर्ण रक्त, म्हणजे प्लेटलेट, लाल पेशी, प्लाझ्मा सगळं एकत्र ठेवून गुठळी कशी बनते, किती घट्ट होते आणि टिकते का, हे सुरुवातीपासून शेवटपर्यंत बघायची युक्ती जर्मनीतल्या हायडेलबर्गच्या हेलमुट हार्टर्ट यांनी १९४८ साली मांडली. नाव थ्रॉम्बोइलॅस्टोग्राफी, सगळे टीईजी म्हणतात. जुन्या पद्धतीच्या मशीनमध्ये एक छोटासा कप असतो, त्यात चमचाभर पण नाही, ०.३६ मिली रक्त जातं, कप ३७ डिग्रीला गरम ठेवलेला, आणि तो पाच अंशांपेक्षाही कमी असा इकडून तिकडे हळूहळू हलत राहतो. मधोमध तारेला टांगलेली एक पिन असते. रक्त पातळ आहे तोवर कप हलला तरी पिन जागची हलत नाही. धागे बनायला लागले की ते कपाला आणि पिनला जोडून टाकतात, पिन पण कपासोबत वळायला लागते, जितकी गुठळी घट्ट तितकी पिन जास्त वळते, आणि हे वळणं ग्राफवर उमटत जातं. बस, एवढंच आहे. दुसऱ्या कंपनीची पद्धत आहे रोटेम, त्यात कप स्थिर आणि पिन हलते, बाकी तत्त्व तेच. काही नवीन मशीनमध्ये तर कप-पिन पण नाही, कार्ट्रिज टाकायची, त्यात रक्त सोडायचं, काही मशीन कंपनं मोजतात, एक मशीन अल्ट्रासाऊंडनं मोजतं.

गंमत म्हणजे १९४८ नंतर कितीतरी वर्षं हे यंत्र असंच कोपऱ्यात पडल्यासारखं होतं. त्याला खरा उपयोग सापडला तो १९८० च्या दशकात अमेरिकेतल्या पिट्सबर्गला लिव्हर ट्रान्सप्लांट सुरू झाले तेव्हा, कारण त्या ऑपरेशनमध्ये रक्ताची अवस्था इतक्या झपाट्यानं बदलते की लॅबचा रिपोर्ट हातात येईपर्यंत तो जुना झालेला असतो.

ग्राफ वाचायचा कसा? डावीकडून एक सरळ रेघ निघते, काही मिनिटांनी तिचे दोन फाटे होतात, एक वर एक खाली, त्यांच्यातलं अंतर वाढत जातं, मग ते एका रुंदीला स्थिर होतं, आणि गुठळी विरघळत असेल तर परत निमुळतं होतं. सरळ रेघ लांबली म्हणजे सुरुवातच उशिरा झाली, फॅक्टर कमी आहेत किंवा अंगात हेपॅरिन, म्हणजे रक्त गोठू न देणारं औषध, आहे. टीईजीमध्ये याला आर टाइम म्हणतात, नॉर्मल साधारण ५ ते १० मिनिटं, कुठलं केमिकल टाकलं त्यावर कमीजास्त होतं. फाटे किती तिरके फाकतात त्यावरून धाग्यांचं जाळं किती वेगानं विणलं जातंय ते कळतं. सगळ्यात जास्त रुंदी म्हणजे एमए, साधारण ५० ते ७० मिलीमीटर, ती गुठळीची ताकद, आणि तिच्यात मोठा वाटा प्लेटलेटचा, बाकी फायब्रिनोजेनचा. त्यानंतर अर्ध्या तासात रुंदी किती टक्के कमी झाली तो आकडा विरघळण्याचा. हे एकदा डोळ्याला सवयीचं झालं की आकडे न वाचता नुसत्या आकारावरून भूलतज्ज्ञ सांगून मोकळे होतात, काय द्यायचं ते.

आणि खरी कमाल रोटेमच्या वेगवेगळ्या चॅनलमध्ये आहे. एकाच रक्ताचे चार भाग करतात. एक्सटेम नावाच्या चॅनलमध्ये टिश्यू फॅक्टर टाकून गोठवतात, सगळ्यांचं मिळून काम कसं चाललंय ते दिसतं. फिबटेममध्ये तेच करतात पण प्लेटलेटला लुळं करणारं रसायन घालून, म्हणजे जी गुठळी बनेल ती जवळपास फक्त फायब्रिनोजेनच्या जोरावर. आता एक्सटेम कमी आणि फिबटेम पण कमी, तर फायब्रिनोजेन गेलंय. एक्सटेम कमी पण फिबटेम चांगलं, तर भानगड प्लेटलेटची. अशीच एक जोडी हेपॅरिनसाठी असते, एका चॅनलमध्ये हेपॅरिन खाऊन टाकणारं एन्झाइम, दुसऱ्यात नाही, दोघांत फरक पडला म्हणजे अंगात हेपॅरिन शिल्लक आहे. हे सगळं शेवटपर्यंत बघत बसायचीही गरज नसते, गुठळी सुरू झाल्यावर पाचव्या मिनिटाला जी रुंदी असते, ए५ म्हणतात, तिच्यावरून शेवटची रुंदी किती होणार याचा चांगला अंदाज येतो, म्हणजे नमुना मशीनमध्ये गेल्यापासून दहा मिनिटांच्या आसपास पहिला निर्णय घेता येतो. लॅबच्या तासाभरासमोर दहा मिनिटं.

आता फायब्रिनोजेनवर जरा थांबते, कारण आमच्या खिडकीवर सगळ्यात जास्त गोंधळ याचाच होतो. मोठा रक्तस्राव झाला, सलाइन भरपूर गेलं, की सगळ्यात आधी धोक्याच्या पातळीखाली जातं ते फायब्रिनोजेन, प्लेटलेट त्यामानानं नंतर. साध्या माणसात ते लिटरला २ ते ४ ग्रॅम असतं. गरोदरपणाच्या शेवटी ४ ते ६ पर्यंत वाढलेलं असतं, निसर्गानं बाळंतपणाची तयारी करून ठेवलेली असते. त्यामुळे बाळंतिणीचं फायब्रिनोजेन २ आलं आणि रिपोर्टवर "नॉर्मल" छापून आलं तरी तो नॉर्मल तिच्यासाठी नाही, बाळंतपणात रक्त जात असताना २ च्या खाली उतरलेलं फायब्रिनोजेन म्हणजे पुढे रक्तस्राव गंभीर होणार याची मोठी खूण समजतात. मग होतं काय, की चिठ्ठी येते एफएफपीची. आता कागदावर हिशोब करू. समजा बाईच्या अंगात अडीच लिटर प्लाझ्मा आहे आणि फायब्रिनोजेन लिटरला १ ग्रॅम. चार एफएफपी म्हणजे धरा ८०० मिली, आणि एफएफपीमध्ये फायब्रिनोजेन लिटरला २ ग्रॅमच्या आसपासच असतं, ते दुसऱ्या माणसाचं साधं प्लाझ्माच तर आहे. सगळं मिसळलं तर फायब्रिनोजेन १ वरून जेमतेम सव्वापर्यंत जातं, आणि अंगात पाऊण लिटरच्या वर पाणी वाढलं. त्याऐवजी दहा क्रायो, सगळ्या मिळून दीड-दोनशे मिली, पण प्रत्येकीत निदान दीडशे मिलिग्रॅम फायब्रिनोजेन, तर तेच १ वरून दीडच्या आसपास सरकतं. रक्त वाहतच असेल तर दोन्ही आकडे याहून कमी येतील ते सोडा, पण फरक किती आहे ते बघा. क्रायो म्हणजे एफएफपी फ्रिजच्या थंडाव्यात हळूहळू वितळवून खाली जो घट्ट साका राहतो तो. ती आधीच बनवून ठेवावी लागते, ऐनवेळी "बनवून द्या ना मॅडम" म्हटलं तर होत नाही. एफएफपी पण उणे ३० डिग्रीला गोठलेली असते, ३७ डिग्रीच्या पाण्यात वितळायला वीस-तीस मिनिटं जातात, त्यामुळे खिडकीवर कोणी ओरडलं तरी पिशवी लवकर वितळत नाही बाप्पा!

म्हणूनच पलंगाशेजारच्या टेस्टचा फायदा सगळ्यात आधी चिठ्ठीवर दिसतो. "४-४-२" च्या जागी "क्रायो १०, बाकी सध्या काही नको" असं येतं. ब्रिटनमधल्या वेल्समध्ये बाळंतपणातला रक्तस्राव अंदाजानं न सांगता कपडे-पॅड वजन करून मोजायचा आणि सोबत रोटेम करायचं अशी पद्धत सगळ्या प्रसूती विभागांत बसवली, आणि तिथं फिबटेमचा ए५ आकडा १२ मिलीमीटरच्या वर असेल तर फायब्रिनोजेन देऊन काही मिळत नाही असं दिसलं. म्हणजे टेस्टनं काय द्यायचं हे जसं सांगितलं तसं काय द्यायचं नाही हेही सांगितलं, आणि माझ्या मते दुसरं जास्त मोलाचं आहे.

याचंच अजून एक रूप ओटीत बघायला मिळतं. सर्जन म्हणतो, "रक्त झिरपून राहिलंय सगळीकडून, एफएफपी मागवा." भूलतज्ज्ञ ग्राफ बघून म्हणतो, "सर, गुठळी नॉर्मल बनतेय." मग जरा वेळ कोणी काही बोलत नाही, आणि सर्जन परत आत हात घालून बघायला लागतो, कारण याचा अर्थ कुठेतरी नस उघडी आहे. पिशव्या चढवून फाटलेली नस बंद होत नाही. नॉर्मल आलेला ग्राफ हाही रिपोर्टच आहे, आणि चांगला रिपोर्ट आहे.

हार्टच्या ऑपरेशनमध्ये तर पलंगाशेजारची टेस्ट कधीपासूनच आहे, तिच्याशिवाय ऑपरेशनच होत नाही. रक्त बाहेरच्या मशीनमधून फिरवायचं असतं, ते नळ्यांत गोठू नये म्हणून भरपूर हेपॅरिन देतात, आणि पुरेसं झालं का हे एसीटी नावाच्या टेस्टनं बघतात. थोडं ताजं रक्त, केओलिनसारखी गोठवणारी पूड, आणि सेकंद मोजायचे. हेपॅरिनच्या आधी साधारण १०० ते १३० सेकंद, बायपासवर, म्हणजे त्या बाहेरच्या मशीनवर, जायच्या आधी ४८० च्या वर गेला पाहिजे असा नियम बऱ्याच ठिकाणी पाळतात. १९६६ पासूनची पद्धत आहे ही. शेवटी प्रोटामिन देऊन हेपॅरिन उतरवतात आणि परत मोजतात.

लिव्हर खराब झालेल्या पेशंटचं वेगळंच असतं. त्यांचा आयएनआर २, अडीच, तीन असतो आणि नुसती पोटात सुई मारून पाणी काढायचं असलं तरी नातेवाइकाला एफएफपी आणायला पिटाळतात. पण लिव्हर गोठवणारे फॅक्टर बनवतं तसं गोठणं आवरणारी प्रोटीनपण तेच बनवतं, लिव्हर बिघडलं की दोन्ही घटतात, आणि एक नवा तोल तयार होतो. आयएनआर त्यातली एकच बाजू मोजतो. टीईजी केलं तर अशा कितीतरी पेशंटचा ग्राफ ठाकठीक निघतो, आणि त्यांना उलट गुठळ्या होण्याचाही धोका असतो. फक्त आयएनआरचा आकडा सुंदर दिसावा म्हणून एफएफपी चढवणं मला पहिल्यापासून पटत नाही, आणि आता त्याच्या विरोधात पुरावाही भरपूर आहे.

आता मशीनला काय दिसत नाही ते सांगते, कारण ते कोणी सांगत नाही. नमुना ३७ डिग्रीला गरम करून टेस्ट होते. पेशंटच ३४ डिग्रीवर थंड पडलेला असेल तर त्याच्या अंगात फॅक्टर आणि प्लेटलेट नीट काम करत नाहीत, पण मशीन म्हणेल सगळं छान. आता तुम्ही म्हणाल नागपुरात कोण थंड पडते, तर बाहेर मे महिन्यातलं ४५ डिग्री असलं तरी ओटीचा एसी, उघडं पोट, फ्रिजमधून काढलेल्या पिशव्या, यात पेशंट आरामात थंड पडतो. कॅल्शियमचं तसंच. पिशव्यांमधलं सायट्रेट पेशंटचं कॅल्शियम पकडतं, खूप पिशव्या गेल्या की कॅल्शियम घसरतं आणि गोठणं मंदावतं, पण टेस्टमध्ये कॅल्शियम वरून टाकतात त्यामुळे ती कमतरता दिसतच नाही, ती ब्लड गॅसच्या मशीनवर बघावी लागते. ॲस्पिरिन आणि क्लोपिडोग्रेल या हार्टच्या गोळ्यांचा परिणाम साध्या टीईजी-रोटेममध्ये उमटत नाही, त्यासाठी वेगळी टेस्ट लागते. फॉन विलेब्रँड नावाचा जन्मजात रक्तस्रावाचा आजार पण निसटतो. नवीन रक्त पातळ करणाऱ्या गोळ्या, अपिक्साबॅन वगैरे, त्यांचा पण भरवसा नाही. म्हणजे ग्राफ नॉर्मल म्हटल्यावर निर्धास्त व्हायचं तर आधी अंग गरम आहे का, कॅल्शियम आहे का, कुठल्या गोळ्या चालू आहेत का, हे विचारून घ्यावं लागतं.

मग या मशीननं जीव वाचतात का? इथं थोडं सांभाळून बोलते. हार्टच्या ऑपरेशनमध्ये पिशव्या कमी लागतात हे बऱ्यापैकी पक्कं आहे, कुठले उपचार वापरावेत ते सांगणाऱ्या इंग्लंडच्या नाइस संस्थेनं २०१४ मध्ये तिथं वापरायला होकारही दिला, पण त्याच वेळी अपघात आणि बाळंतपणासाठी पुरावा पुरेसा नाही म्हणून सांगितलं. अपघातात २०१६ साली डेन्व्हरच्या एका सेंटरमध्ये १११ पेशंटवर केलेल्या अभ्यासात टीईजी बघून रक्त दिलेल्या गटात जास्त लोक वाचले. नंतर युरोपातल्या ट्रॉमा सेंटरांनी मिळून जवळपास ४०० पेशंटवर तोच प्रश्न तपासला, इटॅक्टिक नावानं, निकाल २०२१ मध्ये आला, आणि दोन्ही गटांत एकूण फरक दिसला नाही. याचं एक कारण असं मानतात की तिथं दोन्ही गटांना पहिल्या मिनिटापासून ट्रॅनेक्झॅमिक ॲसिड आणि लाल पेशी-प्लाझ्मा-प्लेटलेट योग्य प्रमाणात मिळतच होतं, सुधारायला जागा थोडी उरली होती. मला स्वतःला वाटतं की मशीनपेक्षा मशीनच्या मागचं ठरलेलं वेळापत्रक जास्त काम करतं. हा आकडा याच्या खाली आला तर हे द्यायचं असा कागद भिंतीवर नसेल, रात्री तीनला मशीन चालवणारा माणूस नसेल, रोजचं क्वालिटी कंट्रोल झालेलं नसेल, आणि आमच्याकडे क्रायो नसेल, तर दहा मिनिटांत आलेला ग्राफ घेऊन करायचं काय? शिवाय एका कार्ट्रिजची किंमत काही हजारांत जाते, त्यामुळे हार्ट आणि ट्रान्सप्लांट करणाऱ्या मोठ्या हॉस्पिटलांच्या बाहेर ही मशीन फारशी दिसत नाही. आणि नमुना चुकीचा गेला, म्हणजे निळी ट्यूब अर्धीच भरली किंवा हेपॅरिन असलेल्या लाइनमधून रक्त ओढलं, तर लाखाचं मशीनपण खोटंच बोलणार.

ट्रॅनेक्झॅमिक ॲसिड मात्र मशीनची वाट बघत ठेवायचं औषध नाही. अपघातातल्या क्रॅश-२ अभ्यासात, २०१० साली, वीस हजारांवर पेशंट होते, बाळंतपणातल्या वुमन अभ्यासात २०१७ ला वीस हजार बायका, आणि दोन्हीकडे निकाल हाच की पहिल्या तीन तासांत दिलं तर रक्तस्रावानं होणारे मृत्यू कमी होतात, उशीर झाला की फायदा जातो, अपघातात तर तीन तासांनंतर नुकसानच दिसलं. औषध स्वस्त आहे. ते आधी द्यायचं, ग्राफ नंतर बघायचा.

आता काचेच्या नळीकडे येते. आपल्या विदर्भात ही टेस्ट कुठल्याही रोटेमपेक्षा जास्त जीव वाचवत असेल असं माझं म्हणणं आहे. पावसाळ्यात रोवणी सुरू झाली की भंडारा-गोंदिया-गडचिरोलीकडून सापाच्या पेशंटची रांग लागते. आपल्याकडचे चार मुख्य विषारी साप म्हणजे नाग, मण्यार, घोणस, फुरसं. यातली घोणस, जिला आपल्याकडं काही जण परड म्हणतात, आणि फुरसं, यांचं विष रक्तावर जातं. घोणसीचं विष फॅक्टर पाच आणि दहाला एकदम जागं करतं, अंगभर बारीक बारीक गोठणं सुरू होतं, त्यात सगळं फायब्रिनोजेन खर्च होऊन जातं, आणि मग रक्त गोठायला काही उरतच नाही. हिरड्यांतून, लघवीतून, सुई टोचलेल्या जागेतून रक्त यायला लागतं.

टेस्ट अशी, की नव्या, स्वच्छ, कोरड्या काचेच्या ट्यूबमध्ये शिरेतलं २ मिली ताजं रक्त घ्यायचं, खोलीच्या तापमानाला २० मिनिटं अजिबात न हलवता ठेवायचं, आणि मग एकदाच तिरपं करून बघायचं. रक्त ओघळलं, गुठळी नाही, म्हणजे विष रक्तावर चढलंय, अँटीव्हेनम, म्हणजे सापाच्या विषावरचं इंजेक्शन, सुरू करायचं. १९७७ साली नायजेरियातल्या फुरशाच्या जातीच्या सापांवरच्या कामातून ही पद्धत आली आणि जागतिक आरोग्य संघटना आजही ती सांगते. ना वीज, ना कार्ट्रिज, पीएचसीतसुद्धा होते. पण अटी पाळल्याच पाहिजेत. ट्यूब काचेचीच हवी, कारण काचेच्या पृष्ठभागानंच गोठणं सुरू होतं, प्लास्टिकमध्ये चांगलं रक्तपण पातळ राहू शकतं. साबणानं धुतलेली ट्यूब नको, साबणाचा अंश राहिला तर गोठत नाही. दहाव्या मिनिटाला "बघू झालं का" म्हणून हलवायची नाही, घड्याळ लावायचं. आणि कुठलीही साधी ट्यूब चालेल असं समजून जांभळ्या किंवा निळ्या झाकणाची घेतली तर त्यातल्या केमिकलनं ती कधीच गोठणार नाही.

हिच्यापण मर्यादा आहेत. फायब्रिनोजेन थोडंच घसरलं असेल तर गुठळी बनते आणि टेस्ट चुकवते, म्हणून पहिली चांगली आली तरी परत परत करायची असते. नाग आणि मण्यार चावली असेल तर रक्त छान गोठतं आणि माणूस तरीही मरू शकतो, कारण ते विष मज्जातंतूंवर जातं, पापण्या जड होतात, श्वास बंद पडतो, त्यामुळे नुसती नळी बघून घरी पाठवणं म्हणजे धोका. अँटीव्हेनम दिल्यावर लगेच नळी करून काही कळत नाही, विष मारलं गेलं तरी लिव्हरला नवीन फायब्रिनोजेन बनवायला वेळ लागतो, म्हणून सहा तासांनी परत बघतात आणि तेव्हाही गोठलं नाही तर पुढचा डोस. आणि यात एक गोष्ट नातेवाइकांनी समजून घ्यायला पाहिजे, की घोणसीच्या पेशंटला अँटीव्हेनमच्या आधी एफएफपी किंवा क्रायो चढवून उपयोग नाही, विष अजून अंगात आहे, जे द्याल ते खाऊन टाकेल.

प्लेटलेटच्या आकड्याबद्दल पण इथंच बोलून घेते. ऑगस्ट ते ऑक्टोबर डेंग्यूच्या दिवसांत प्लेटलेट ३० हजारावर आल्या की घरचे सगळे धंतोलीपासून मेडिकल चौकापर्यंत रक्तपेढ्या पालथ्या घालतात. पेशंटला रक्तस्राव नाही, तर नुसत्या आकड्यासाठी प्लेटलेट चढवायची बहुतेकदा गरज नसते, १० हजाराच्या खाली गेल्या तर डॉक्टर विचार करतात. डेंग्यूत जास्त भीती असते ती रक्तवाहिन्यांतून पाणी गळून बीपी पडण्याची, आणि त्याला प्लेटलेटनं काही होत नाही. शिवाय प्लेटलेट फक्त पाच दिवस टिकतात, २०-२४ डिग्रीला सतत हलवत ठेवाव्या लागतात, फ्रिजमध्ये साठवून ठेवता येत नाहीत.

शेवटी नातेवाईक म्हणून तुमच्या हातात काय आहे, तर माहिती. रक्तस्राव होत असलेला पेशंट घेऊन कॅज्युअल्टीत गेलात तर न विचारता सांगा, वॉरफेरिन, ॲसिट्रोम, ॲस्पिरिन, क्लोपिडोग्रेल, नाहीतर हार्टची किंवा पॅरालिसिसनंतर दिलेली रक्त पातळ करायची कुठलीही गोळी चालू आहे का, शेवटची कधी घेतली, लिव्हरचा किंवा दारूचा त्रास आहे का, आधी दात काढताना नाहीतर बाळंतपणात जास्त रक्त गेलं होतं का, घरात कोणाला रक्ताचा आजार आहे का. नाव आठवत नसेल तर गोळ्यांची पट्टीच खिशात टाकून आणा. आणि साप चावला असेल तर घट्ट दोरी बांधणं, चिरा देणं, मांत्रिक, हे सगळं सोडून चावल्याची वेळ लक्षात ठेवा, तो हातपाय जास्त हलू देऊ नका, आणि जवळच्या सरकारी दवाखान्यात पोचल्यावर विचारा, "वीस मिनिटांची नळी लावली का, परत किती वाजता लावणार?"